एकच विचारू, तात्या?

भाजीवाल्याच्या फोनमधून आपली मुलगी बोलते आहे, हे शैलजाबाईंना कळलं तेव्हा त्यांच्या हातात दुधी होता. कोवळा आहे का ते नख लावून बघत होत्या. फोनमधून आवाज आला, "सर, एकच विचारू? पगारवाढ आत्ता देताय, का माझ्या तेराव्याला?" भाजीवाला खो खो हसला, शेजारची कांदेवाली पदर तोंडाला लावून हसली. शैलजाबाईंच्या हातातला दुधी सुटला, आणि पिशवी तिथेच विसरून त्या घरी आल्या.

केतकीला जाऊन तेव्हा चोवीस वर्षं झाली होती. मेंदूज्वर झाला, चार दिवसांत सगळं आटोपलं. पोरीला नववं वर्ष चालू होतं. याउपर त्या घरात कुणी काही सांगत नसे आणि विचारायची कुणाची छाती नव्हती.

आता तिचा आवाज सांगलीच्या भाजीमंडईत कसा पोचला ते आधी सांगून टाकतो, नाहीतर तुम्ही म्हणाल भुताखेतांची गोष्ट आहे. भूतबीत काही नाही हो. यंत्रांचं काम आहे, आणि थोडं आपलंही.

शैलजाबाईंचे यजमान श्रीरंगराव तांबवेकर शाळेत चित्रकला शिकवायचे. माणूस सरळ, पण एका गोष्टीचं वेड: हलती चित्रं. केतकी सहा-सात वर्षांची असताना त्यांनी घरच्या घरी एक कार्टून मालिका काढली होती. पारदर्शक कागदावर हे रेषा काढायचे, शैलजाबाई मागून रंग भरायच्या. गोष्ट एवढीशीच. नदीकाठचा एक बगळा, बगळेतात्या. त्याच्या चोचीत रोज सापडणारी एक चिंगळी, म्हणजे इवलीशी कोळंबी. तात्या आता गिळणार, तेवढ्यात ती म्हणायची, "एकच विचारू, तात्या?" आणि असा काही प्रश्न टाकायची, की तात्या विचार करत बसायचा अन् ही पसार! तात्यांचा आवाज श्रीरंगरावांचा, चिंगळीचा केतकीचा. किंबहुना ते वाक्यच केतकीचं. रोज झोपायच्या वेळेला दिवा घालवला, की "बाबा, एकच विचारू?" सुरू व्हायचं, ते दहा प्रश्नांपर्यंत.

तेरा भाग झाले. एका वाहिनीने ते दाखवले, मुलांना आवडले, मग वाहिनी बंद पडली आणि तिच्या मूळ टेपांवर दुसरं काहीतरी उतरवलं गेलं. मागे राहिली ती कुणीकुणी टीव्हीवरून घरच्या कॅसेटवर उतरवून घेतलेली खरखरीत नक्कल. तिच्यात चिंगळीच्या आवाजावर पेटी-तबला वाजत होता.

ती नक्कल मिरजेच्या उज्मा मुजावरला सापडली. उज्मा लहानपणी हे कार्टून बघायची. कळती झाल्यावर एका कंपनीत फोन उचलायच्या कामाला होती आणि साहेबाला कंटाळली होती. आवाजाची नक्कल करणारी यंत्रं तेव्हा नुकतीच सगळ्यांच्या हातात आली होती. कुणाचं दहा सेकंदांचं बोलणं दिलं, की त्या आवाजाचा साचा तयार, मग त्या साच्यात वाटेल ते वाक्य ओता. उज्माने तात्यांना गळपट्टा बांधून साहेब केलं, चिंगळीला कर्मचारी केलं, "तात्या"च्या जागी "सर" घातलं आणि एक मिनिटाची गंमत सोडून दिली. आठवड्यात ती महाराष्ट्रभर झाली.

मग काय, जो उठला तो चिंगळी करू लागला. निवडणुकीत चिंगळी, लग्नाच्या आमंत्रणात चिंगळी, सासू-सुनांची चिंगळी, शिव्या देणारी चिंगळीसुद्धा. पुढे तर एक वाक्य बोललं, की आख्खा नवा भाग तयार करून देणारं यंत्र आलं. नकलेवरून नक्कल, त्या नकलेवरून तिसरी. झेरॉक्सची झेरॉक्स काढत गेलं, की अक्षर कसं हळूहळू दुसरंच दिसायला लागतं, तसा तो आवाजही बदलत गेला. पहिल्या गंमतीत केतकीचा काही अंश होता, म्हणून तर शैलजाबाईंच्या हातातला दुधी सुटला. चार लाखाव्या चिंगळीत काही उरलं नव्हतं.

त्या दिवशी मंडईतून आल्यावर शैलजाबाई म्हणाल्या होत्या, "अहो, हे थांबवा. कुणालाही सांगा, पण थांबवा."

श्रीरंगराव "बघतो" म्हणाले. त्यांनी काही बघितलं नाही. खरं सांगायचं तर ते सुखावले होते. तीस वर्षं शाळेत कागद वाटणाऱ्या माणसाला एकाएकी पोरं-पोरी शोधत येत होती, सह्या मागत होती. उज्मा पेढे घेऊन आली, "काका, रागावला नाहीत ना?" म्हणाली, आणि त्यांनी हसत हसत तिच्या फोनसमोर सांगून टाकलं, "करा रे पोरांनो, माझी काही हरकत नाही." शैलजाबाईंनी आत चहा केला. तो बाहेर आणून ठेवला मात्र श्रीरंगरावांनीच.

या गोष्टीलाही बारा वर्षं झाली. शैलजाबाईंनी त्यावर परत चकार शब्द काढला नाही. त्या घराची रीतच तशी होती. केतकी गेल्यापासून तिचं नाव कुणी घेतलं नव्हतं. आधी घेववलं नाही, मग सवय मोडली, मग ती सवयच झाली. तिच्या वाढदिवसाला शैलजाबाई शेवयांची खीर करायच्या, दोघं ती खायची, कशाची म्हणून कुणी विचारायचं नाही. माळ्यावर तिचा फ्रॉक, पाटी आणि ध्वनिमुद्रणाच्या टेपेचं स्पूल ठेवलेला पत्र्याचा डबा होता, त्यावर श्रीरंगरावांच्या वळणदार अक्षरात 'चिंगळी' असं लिहिलेलं होतं. बोलायची वेळ आलीच, तर दोघं "चिंगळीचा डबा" म्हणायची.

या बाराव्या वर्षी शैलजाबाईंचा उजवा कान पुरता गेला होता आणि डावा जायला निघाला होता. डॉक्टर म्हणाले, कानातल्या शंखात बारीक तार बसवू, यंत्र थेट नसेला आवाज देईल, माणसांत बसता-उठता येईल. "पण एक सांगून ठेवतो," ते पाटीवर लिहूनही दाखवत म्हणाले, "आता जे थोडंफार आपलं आपण ऐकू येतंय, ते त्यानंतर राहणार नाही. पुढे सगळं यंत्राच्या मार्फत."

शस्त्रक्रियेची तारीख पुढच्या गुरुवारची ठरली. रिक्षातून घरी येताना शैलजाबाई एकदम म्हणाल्या, "तो डबा काढा."

"कुठला?"

"चिंगळीचा. एकदा ऐकायचाय. माझ्या कानांनी."

छत्तीस वर्षांत पहिल्यांदा. श्रीरंगरावांनी नुसता शैलजाबाईंचा हात दाबला.

स्पूल काढलं तर टेपेचे थर एकमेकांना चिकटलेले. नखाने सोडवायला गेलं, की तपकिरी चूर हाताला लागे. आवाज असतो तो त्या तपकिरी थरात, चुंबकीय कणांच्या रूपाने. मागची पट्टी नुसती त्यांना धरून ठेवते, आणि धरणारा चिकटा दमट हवेने सुटला होता. श्रीरंगरावांनी उज्माला फोन केला. तिने नोकरी कधीच सोडली होती. मिरजेत जुन्या टेपा वाचवायचं तिचं दुकान होतं. केतकी असती तर एवढीच असती, पंचेचाळिशीची, असं तिच्याकडे बघताना श्रीरंगरावांना दरवेळी वाटायचं.

उज्माने स्पूल उजेडात धरलं आणि गंभीर झाली. "काका, हे एकदाच वाजेल. आधी मंद आचेवर भाजू, म्हणजे चिकटा थोडा वेळ धरेल. पण वाजता वाजता थर झडत जाणार. दुसरी संधी नाही."

"एकदा पुरे," श्रीरंगराव म्हणाले.

टेप भाजायला तिच्याकडे तासगावच्या बेदाणेवाल्याकडून घेतलेलं सुकवणी यंत्र होतं. चोपन्न अंशांवर आठ तास. दुकानात द्राक्षाचा गोडसर वास भरून राहिला. श्रीरंगराव स्टुलावर बसून होते. मुद्रण कसं केलं होतं ते उज्माला सांगत होते. अंथरुणाच्या कपाटाला चारी बाजूंनी गोधड्या टांगायच्या, आत केतकी, बाहेरून माइकची वायर. अर्थात केतकी म्हणाले नाहीत ते. "चिंगळी" म्हणाले.

"पोरीला बारा महिने सर्दी," ते हसले. "प्रत्येक वाक्याआधी नाक ओढायची. शैला गोधडीतून डोकं घालून ओरडायची, 'अगं, नाक पूस आधी!' सगळं आहे बघ त्याच्यात. कुकरच्या शिट्ट्यासुद्धा आहेत. मालिकेसाठी मी ते कापून टाकलं होतं. या कच्च्या टेपेत आहे."

यंत्राचं थोडं सांगायला हवं. पूर्वी टेप वाचायची आणि दुरुस्ती करायची, ही कामं वेगळी होती. जे असेल ते खराब का होईना, आधी तसंच्या तसं उतरवून घ्यायचं, मग डागडुजी. उज्माचं नवं यंत्र मेलेल्या टेपासुद्धा वाचायचं, कारण ते नुसतं ऐकत नसे, ऐकता ऐकता समजून घेत असे. हजारो बारीक सुया त्या थराचा क्षीण इशारा टिपायच्या, आणि इशारा तुटला की इथे काय असेल हे यंत्र जगभरच्या आवाजांच्या साठ्यातून ताडायचं. ताडलेलं आणि टिपलेलं एकत्र विणून एक सलग आवाज बाहेर. सुयांचा मूळ पसारा इतका प्रचंड, की तो ठेवायची सोयच नव्हती. समजलेलं तेवढं राहायचं, बाकीचं पुसलं जायचं.

त्यासाठी यंत्राला एक माहिती लागायची. आवाज कुणाचा? माहीत नसेल तर रकाना रिकामा सोडायचा. मग यंत्र साठ्याकडे फिरकत नसे, आजूबाजूच्या आवाजावरून जेवढं जमेल तेवढंच सांधायचं आणि न जमलेली भोकं भोकंच ठेवायचं.

"काका, नावाच्या रकान्यात काय घालू?" उज्माने विचारलं.

श्रीरंगरावांनी डब्याकडे बघितलं. "चिंगळी," ते म्हणाले.

तिनेही डब्याकडे बघितलं आणि चिंगळी लिहिलं. दोघांपैकी एकाच्याही मनात काही आलं नाही.

पडद्यावर हिरवी अक्षरं उमटली: ओळख पटली, नव्व्याण्णव टक्के. उज्माने टाळीच वाजवली. "काका, इतके टक्के मी जन्मात बघितले नाहीत!" श्रीरंगरावांचा जीव भांड्यात पडला.

चाळीस मिनिटं स्पूल फिरलं. टेप एकीकडून तपकिरी जात होती आणि दुसरीकडून काचेसारखी पारदर्शक निघत होती. सुयांखालच्या ताटलीत कॉफीसारखा चूर साठत होता. शेवटचं टोक सुटलं, रीळ फडफडलं, उज्माने ते हाताने थांबवलं.

मग तिने आवाज लावला.

"एकच विचारू, तात्या?"

श्रीरंगरावांनी डोळे मिटले. किती स्वच्छ! जणू समोर उभी आहे. दुसरं वाक्य झालं, तिसरं झालं. तिसऱ्यानंतर कुकरची शिट्टी होती, त्यांना पक्कं आठवत होतं, केतकी फिस्सकन हसली होती. शिट्टी आली नाही. ठीक आहे, म्हणाले मनात, यंत्राने गोंगाट काढला असेल. नाक ओढलेलं आलं नाही. "नाक पूस आधी" आलं नाही. वाक्यामागून वाक्य, गुळगुळीत, लाडिक, कुठेही न अडखळणारी एक पोरगी बोलत होती. आणि मग ती पोरगी म्हणाली,

"सर, एकच विचारू?"

उज्माने खटकन आवाज थांबवला. केतकीने त्या टेपेत कुठेच सर म्हटलं नव्हतं. तो शब्द उज्माचा होता, बारा वर्षांपूर्वी, साहेबाच्या रागाने बसवलेला.

"काका..." ती म्हणाली. "काका, यंत्राला चिंगळी म्हणजे त्या सगळ्या चिंगळ्या. लाखो. तुमची एक. त्याने त्यांच्यातूनच भरलं सगळं. आणि जे त्यांच्यासारखं नव्हतं ते बिघाड समजून काढून टाकलं. या अल्ला, काय केलं मी हे."

"तू नाही," श्रीरंगराव म्हणाले. "नाव मी सांगितलं."

केतकी लिहिलं असतं तर जगात कुणाकडे केतकीचा साठा नव्हता. यंत्राला काही सापडलं नसतं. फाटकं, भोकं पडलेलं, शेंबडं काहीतरी हाती आलं असतं, आणि ते तिचं असतं. बापाला पोरीचं नाव तोंडातून काढता आलं नाही, म्हणून पोर गेली. दुसऱ्यांदा गेली. श्रीरंगरावांना हे सगळं एका क्षणात कळलं आणि ते स्टुलावर बसले ते कितीतरी वेळ उठलेच नाहीत.

उज्मा रडत होती. तिने कापूस घेऊन सुया पुसायला घेतल्या, सवयीने. तेव्हा मात्र ते ताडकन उठले. "थांब. टाकू नकोस." त्यांनी ताटलीतला चूर कागदावर झटकला, कापसाचा बोळाही ठेवला आणि पुडी करून खिशात घातली. त्याचं काय करायचं हे त्यांनाही ठाऊक नव्हतं.

दारात पोचल्यावर ते परत फिरले. "तो सर आहे ना, तेवढा काढता येईल?"

"काका, तुम्ही काकूंना हे..."

"काढता येईल का?"

तिने काढला.

मंगळवारी दुपारी त्यांनी शैलजाबाईंना खिडकीशी बसवलं, डाव्या कानाला आवाज नीट लागेल असं बघितलं आणि सुरू केलं. शैलजाबाई मान तिरपी करून ऐकत होत्या. हात मांडीवर, पदराचं टोक बोटाभोवती गुंडाळलेलं. मध्येच त्यांनी बोट वर केलं, पुढे काही येणार असल्यासारखं. मग ते हळूच खाली घेतलं. शेवटपर्यंत ऐकलं.

"छान आहे," त्या म्हणाल्या. "फार कष्ट घेतलेत तुम्ही. त्या मुलीलाही सांगा." आणि कणीक भिजवायला उठल्या.

श्रीरंगराव तिथेच बसून राहिले. फसली, असं वाटून बरं वाटायला हवं होतं. तसं काही वाटलं नाही.

गुरुवारी सकाळी रुग्णालयात शैलजाबाईंना हिरवा झगा दिला, बांगड्या काढून श्रीरंगरावांच्या हातात दिल्या. परिचारिका म्हणाली, दहा मिनिटं आहेत, बोलून घ्या. श्रीरंगराव खाटेवर त्यांच्या डाव्या बाजूला बसले. ते बांगड्या मोजत राहिले. चार होत्या.

"अहो."

"हं?"

"ती आपली नव्हती. त्या टेपेतली."

श्रीरंगरावांच्या हातातून एक बांगडी घरंगळली.

"मला पहिल्या वाक्याला कळलं. ही पोरगी नाकच ओढत नाही. मी ओरडेन म्हणून वाट बघत होते, मला माझाही आवाज ऐकायचा होता. तोही नव्हता." शैलजाबाई शांतपणे सांगत होत्या. "तुमचा चेहरा बघितला आणि गप्प बसले."

"शैला, मी..." त्यांनी सगळं सांगितलं. भाजणं, सुया, रकाना. कानाशी तोंड नेऊन, मोठ्याने, शेजारच्या खाटेवरची बाई वळून बघत असताना. सर शब्द काढून घेतला तेही सांगितलं. बारा वर्षांपूर्वी ती थांबवा म्हणाली होती आणि आपण थांबवलं नाही, तेही. खिशातली पुडी काढून तिच्या तळहातावर ठेवली. "एवढी उरली."

शैलजाबाईंनी पुडी उघडली नाही. मुठीत धरली. परिचारिका दारात येऊन उभी राहिली होती.

"एकच विचारू?" शैलजाबाई म्हणाल्या.

श्रीरंगरावांना मान वर करवेना.

"त्या रकान्यात खरं नाव का नाही सांगितलंत?"

"नाही आलं तोंडात."

"मलाही नसतं आलं." शैलजाबाईंनी त्यांची हनुवटी धरून तोंड आपल्या कानाकडे वळवलं. "आता घ्या. हा कान अजून माझा आहे. पुढे यंत्र काय ऐकवेल मला माहीत नाही, आणि यंत्रांवर माझा काही भरवसा राहिलेला नाही. एकदा तिचं नाव घ्या. मला माझ्या कानाने ऐकू द्या."

श्रीरंगरावांनी तोंड उघडलं. डोळ्यांतून, नाकातून सगळं एकदम वाहायला लागलं. ते बोलायला गेले आणि आधी त्यांना जोरात नाक ओढावं लागलं.

शैलजाबाईंचा चेहरा एकदम बदलला. त्यांनी तो आवाज ऐकला होता.

"अहो," त्या म्हणाल्या, रडत आणि हसत, "नाक पुसा आधी."

त्यांनी बाहीने नाक पुसलं. मग तिच्या कानाशी वाकून म्हणाले, "केतकी."

"परत."

"केतकी. आपली केतकी."

परिचारिकेने खाटेची चाकं सोडली. दारापर्यंत श्रीरंगराव बरोबर चालत गेले, कानाशी वाकून, नाव घेत. पुढे त्यांना जाऊ दिलं नाही.